आपटायचं नाही

किल्ला मंडप अँड साऊंड सर्व्हिस
खर्डा, ता. जामखेड
१२ जुलै २०२३

चि. सत्तू,

मामाचा आशीर्वाद घे, आधी हे वाच आणि मग व्यायामाला जा.

तुला सावेडीत सोडून निघालो तेव्हा मुजफ्फर सरांनी तुझा मोबाईल काढून घेतला आणि कपाटात ठेवला, ते मला पटलं. रविवारी देणार म्हणाले. पण त्याचा मला काय उपयोग? वीस वर्षं लग्नातल्या स्पीकरशेजारी उभा राहून माझा उजवा कान गेला आणि डावा जायच्या तयारीत आहे. मी बोललेलं तुला ऐकू जातं, तू बोललेलं मला येत नाही, आणि मधेच तुझी मामी फोन हिसकावून घेते. म्हणून पत्र. आपला अंगद नगरच्या गाडीवर कंडक्टर आहे, त्याच्या हाती देत जा. कोटेशनसाठी छापलेली लेटरहेडं गठ्ठ्यानं पडून आहेत. खर्ड्यात कोणी लेखी कोटेशन मागत नाही. तेवढीच सार्थकी लागतील.

गावात सगळे विचारतात, सत्तू कुठं गेली? मी सांगतो, वजनं उचलायला. त्यावर चौकातला प्रत्येक जण तेच म्हणतो, "मग हितं काय करत हुती?" आता हे खरंच आहे. तुझे आई-बाप ऊसतोडीला जाताना तुला सात वर्षांची आमच्याकडे ठेवून गेले, आणि हाताला जरा जोर आल्यापासून तू आमच्या टेम्पोत माल भरतेस. जामखेडच्या त्या लग्नात सर वऱ्हाडी म्हणून आले होते. तू लोखंडी पाईपांचा जुडगा खांद्यावर घेऊन टेम्पोवर चढलीस आणि आवाज न करता ठेवलास, ते पाहून बिचारे पंगतीतून उष्ट्या हातानं उठून आले. मला विचारतात, "ही कुणाची?" मी म्हटलं, माझी भाची, मंडपाची ऑर्डर आहे का?

एकच सांगणं. तिथला माल सरांचा आहे. आपल्या धंद्याचा नियम तुला पाठ आहे. उचलायचं जोरात, ठेवायचं हळू, आपटायचं नाही. पाईपला एकदा पोचा आला की तो जन्मात जोडात बसत नाही. घराण्याचं नाव राख.

मामी म्हणते, पोटभर जेव.

तुझा मामा
सूर्यभान

*

सावेडी, नगर
२३ जुलै २०२३

ती. मामा,

तुम्हाला आणि मामीला नमस्कार. पत्र मिळालं आणि शेंगदाण्याची चटणीही मिळाली. चटणी फरहीननं संपवली. फरहीन म्हणजे सरांची पुतणी, माझ्याच खोलीत राहते. ती म्हणते, तुझ्या मामीचं पुढचं पत्र कधी येणार?

सरांच्या बंगल्यामागं पत्र्याची मोठी शेड आहे, तिथं आमचा सराव. खेळात दोनच प्रकार असतात. स्नॅच म्हणजे जमिनीवरून उचललं की एका दमात डोक्यावर, जसा आपण पडद्यांचा गठ्ठा टपावर देतो. क्लीन अँड जर्क म्हणजे आधी खांद्यावर घ्यायचं, दम घ्यायचा, मग डोक्यावर. तो मला जास्त जमतो. सर म्हणतात, उचलायला तुला काही शिकवावं लागणार नाही. मी खूश झाले. मग म्हणाले, खाली आणायला शिकवावं लागेल.

मामा, इथं वजन वर गेलं आणि पंचांनी खूण केली की ते खाली टाकून द्यायचं! चक्क टाकायचं! फरहीन टाकते तेव्हा शेडचे पत्रे वाजतात आणि शेजारच्या बंगल्यातले काका गॅलरीत येतात. मी पहिल्या दिवशी साठ किलो उचलले आणि हळूच खाली ठेवले. सर ओरडले, "छोड! टाक खाली!" मी म्हटलं, ठेवलं की सर. "ठेवायचं न्हाई, टाकायचं!" मी पुन्हा उचललं आणि पुन्हा ठेवलं. सर बाहेर जाऊन पाणी पिऊन आले.

मी विचारलं, फुटलं तर? सर म्हणाले, रबराच्या प्लेटा आहेत, टाकण्यासाठीच बनवतात, आणि फुटलंच तर माझं फुटेल, तुला काय करायचंय?

तेच तर, मामा. त्यांचंच ना.

बाकी मजेत. शकिला बाजी, म्हणजे सरांच्या मिसेस, अंडी मोजत नाहीत.

तुमची
सत्तू

*

खर्डा
५ ऑगस्ट २०२३

चि. सत्तू,

शाबास! तू माझ्या हाताखाली तयार झालीस ते उगाच नाही.

टाकायला शिकवणारी शाळा मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकली. त्यात शिकवायचं काय? माझा पोरगा कल्याण जन्मल्यापासून टाकतोय, त्याला कोणी मेडल दिलं नाही. सर मोठा माणूस आहे, मी काही बोलत नाही, पण माल वापरणाऱ्याला मालाची किंमत नसते हे मी धंद्यात रोज बघतो. वऱ्हाडी खुर्ची अशी ओढतात की जणू खुर्चीनंच हुंडा मागितलाय.

तरी मी उपाय काढला आहे. अंगदच्या गाडीवरून दोन गाद्या पाठवतोय. नवरदेवाच्या आहेत, लाल मखमल, जरीची किनार. त्या वजनाखाली अंथर. म्हणजे सरांनाही टाकल्याचं समाधान आणि तुझ्याही जिवाला घोर नाही. सोबत सतरंजी आहे, ती गाद्यांच्या खाली, म्हणजे मखमल मळणार नाही.

बसच्या टपावर बांधताना अंगद कुरकुरत होता. त्याला सांगितलं, खेळाडूंचं सामान आहे, देशाचं काम आहे.

मामा

*

सावेडी, नगर
१४ ऑगस्ट २०२३

आदरणीय सूर्यभानराव,

सलाम. गाद्या पोचल्या. चार दिवस झाले, आमच्या गल्लीत येणारा-जाणारा विचारतो की घरात कोणाचं लग्न आहे.

मी साधा माणूस, लिहायची सवय नाही, पण तुमच्याशी बोलायला फोन उपयोगाचा नाही हे तुमच्या सत्यशीलानं सांगितलं. म्हणून लिहितो. आमच्या खेळात हात वर करून स्थिर उभं राहिलं, पंचांनी खूण केली, की खेळ संपला. खाली आणायची मेहनत कोणी मोजत नाही. तुमची भाची प्रत्येक वजन दोनदा उचलते, एकदा वर जाताना आणि एकदा खाली येताना. दुसऱ्याचे गुण मिळत नाहीत. पाठ मात्र दोन्हीची मोजते. आज साठ-सत्तर किलो आहे, चालून जातं. उद्या नव्वद-शंभर असं हळुवार ठेवायला लागली तर पोरगी वर्षभरात कायमची घरी बसेल.

मी तीस वर्षं या खेळात आहे. इतकी ताकद आणि इतका हट्ट एका अंगात पाहिला नाही. ताकद माझ्या कामाची आहे. हट्ट कोणाच्या कामाचा आहे ते मला कळत नाही.

तुम्ही तिला एक ओळ लिहा, "टाक" म्हणून. तुमचं ऐकेल.

एक गादी परत पाठवतो. दुसरी शकिला देत नाही. दुपारी तिला पाठ टेकायला बरी पडते म्हणते.

आपला
मुजफ्फर

*

खर्डा
२८ नोव्हेंबर २०२३

चि. सत्तू,

जिल्ह्यात पहिली! चौसष्ट किलो गटात पहिली! सत्कार होऊन तू परत गेलीस त्याला तीन दिवस झाले, माझे पाय अजून जमिनीला लागत नाहीत.

फ्लेक्स अजून चौकात आहे. काहींची तक्रार आहे की त्यावर बावीस जणांचे फोटो आहेत आणि तुझा सगळ्यात लहान. आता काय करू? शुभेच्छुकांनी एकेक करत आपापले फोटो दिले, कोणाला नाही म्हणायचं? तुझा फोटो खाली उजव्या कोपऱ्यात आहे, डोळे बारीक करून बघितलं की दिसतो. त्यातही तू मंडपाचा पाईप धरलाय, कारण वजन धरलेला फोटो वेळेवर मिळाला नाही. लांबून सारखंच दिसतं.

जेसीबीनं फुलं उधळायची कल्पना माझी. तुला बकेटमध्ये उभं करून वर नेलं तेव्हा मला वाटलं, आज तुझे आई-बाप, भागू आणि वैजनाथराव, इथं हवे होते. ते तिकडं कारखान्यावर, उसाच्या फडात. फोटो पाठवलाय. बकेटमधून उतरताना तू कमरेला हात लावून, वाकून, सावकाश उतरलीस. लोक म्हणाले, काय विनय आहे पोरीत! एवढी मोठी झाली पण वाकायला विसरली नाही.

आणि सत्कार संपल्यावर तू काय केलंस ते मी जन्मभर सांगणार आहे. हार गळ्यातच ठेवून सगळ्या खुर्च्या गोळा केल्यास आणि एकात एक घालून टेम्पोपाशी लावल्यास. आवाज नाही! आपल्याच सत्काराच्या खुर्च्या उचलणारी चॅम्पियन जगाच्या पाठीवर दुसरी नसेल. मामीचं मात्र वेगळंच. म्हणते, पोरगी खुर्च्या उचलताना मधेच थांबत होती. मी म्हटलं, फोटोसाठी थांबली असेल.

मुजफ्फर सरांच्या पत्राला उत्तर द्यायचं राहिलं. गणपती, नवरात्र, मग लग्नसराई, धावपळच धावपळ. ती एक ओळ काही माझ्या हातून लिहून होत नाही, खरं सांगायचं तर.

आता फेब्रुवारीत सांगलीला राज्य स्पर्धा. फ्लेक्सवाल्याला आत्ताच सांगून ठेवू का?

मामा

*

सावेडी, नगर
१० डिसेंबर २०२३

ती. मामा,

फ्लेक्सवाल्याला सांगू नका.

इथं सगळं छान आहे. थंडी पडली आहे. फरहीनला तिच्या आत्यानं स्वेटर विणला, तो चढवणं हाच तिचा व्यायाम झालाय, कारण दंड बाह्यांत जात नाहीत. शकिला बाजींनी काल खिमा केला होता, माझ्यासाठी वेगळी मटकी. शेजारचे काका आता गॅलरीत खुर्ची टाकूनच बसतात.

सराव थोडा कमी केला आहे. सरांनी सांगितलं म्हणून. विशेष कारण नाही.

मामी विचारेल म्हणून सांगते, माझ्या पाठीला काहीही झालेलं नाही.

सत्तू

*

खर्डा
१८ डिसेंबर २०२३

चि. सत्तू,

तुझ्या पाठीला काहीतरी झालंय, असं तुझी मामी म्हणते.

मी तिला पत्र दाखवलं. म्हटलं, पोरगी स्वतःच्या अक्षरात लिहितेय, काही झालेलं नाही. ती म्हणाली, "इचारलं कुनी हुतं?"  पत्र मी पुन्हा वाचलं, मग मलाही ते बकेटमधून उतरणं आठवलं आणि जेवण गेलं नाही.

या वेळी पत्र मला लिहू नकोस. मामीला लिही. खरं लिही.

मामा

*

सावेडी, नगर
२ जानेवारी २०२४

प्रिय मामी,

तू ओळखलंस. पाठ दुखते. ऑक्टोबरपासून.

डॉक्टर म्हणाले, हाड शाबूत आहे, स्नायू ओढला जातो, आणि ओढला जातो तो वजन खाली ठेवताना. सरांनी मग साफ सांगितलं. जानेवारीअखेरपर्यंत मी टाकायला शिकले नाही, तर राज्य स्पर्धेला माझं नाव देणार नाहीत. "पाठ मोडून आनलेलं मेडल नको मला," म्हणाले. ते रागात नव्हते म्हणून मला जास्त भीती वाटली. ओरडले की बरे असतात.

मामी, मला सांगलीला जायचंय. मला इतकं दुसरं काही नकोय. मी वजन वर घेते तेव्हा सगळं गप्प होतं आणि मी एकटी उभी असते, आणि मला वाटतं की ही जागा माझी आहे. एवढी एकच.

पण हात सुटत नाहीत. सगळे उपाय झाले. सरांनी आधी रिकामा बार टाकायला दिला, मी ठेवला. मग फुटकं मडकं दिलं, म्हणाले, हे तर फुटलेलंच आहे, टाक. मी ते नळाखाली धुऊन कोपऱ्यात ठेवलं, त्यात बाजींनी आता तुळस लावली. फरहीन मागून कानात "भो!" करून ओरडली की हातातलं सुटेल, असं तिला वाटलं. तिच्याच हातातलं सुटलं.

मला कारण माहीत आहे. कोणाला सांगितलं नव्हतं. मामांना वाटतं त्यांचा नियम मी पाळते. तसं नाही. आई मला पहिल्यांदा तुमच्याकडं सोडून गेली, त्या सकाळी ट्रॅक्टर रस्त्यावर उभा होता आणि बाबा हाका मारत होते. आईनं माझी वेणी घातली आणि म्हणाली, "हे लोकांचं घर हाय सत्ते. कुनाचं काय फोडू नको, म्हंजी मामी ठिवून घेईल." मग ती ट्रॅक्टरवर चढली.

बस्स, एवढंच. तेव्हापासून हातात काही आलं की मला ते ऐकू येतं. वेड्यासारखं आहे ना? नव्वद किलो डोक्यावर घेऊन मी हाच विचार करते, की फुटलं तर मामी ठेवून घेणार नाही.

मामांना वाचून दाखवू नकोस.

तुझी
सत्तू

*

खर्डा
११ जानेवारी २०२४

सत्तू,

कल्यान लिहितोय आन् मी सांगतीय. सांगन तसंच लिही म्हनलंय त्याला.

मामाला वाचून दावलं. तू नको म्हनली हुतीस, पर माझ्याच्यानं एकटीला ते पेललं न्हाई. तू वजनं उचलतीस, मी न्हाई.

पोरी, बारा वर्सं झाली तू ह्या घरात हायस. बारा वर्सात तुझ्या हातून एक कप फुटला न्हाई, एक बशी न्हाई. ह्या कल्यानानं आरसा फोडला, टीव्ही फोडला. (टीव्ही मांजरानं पाडला होता. कल्याण.) मी गल्लीत सांगत फिरायची, आमच्या भागूवन्संची पोर बगा, हाताला कशी हलकी हाय. लई कवतिक वाटायचं मला. परवा तुझं पत्र वाचलं आन् तव्यावरची भाकर करपून कोळसा झाली. पोरगी बारा वर्सं आपल्याच घरात पाव्हनीवानी वागली, जपून चालली, जपून जेवली, आन् आमी कवतिक करत बसलो.

तुझ्या आईचं काय चुकलं न्हाई. लेकरू दुसऱ्याच्या दारात ठिवून जायचं म्हनल्यावर बाई दुसरं काय सांगनार? पर ते तिनं सात वर्साच्या पोरीला सांगितलं हुतं. तू आता एकोनीसची हायस. तिला जे वाटलं ते तवा संपलं.

अंगदच्या हाती डबा धाडलाय. खायाचं काय न्हाई त्यात. माझे कप हायत बारा, सोनेरी काठाचे, माज्या माहेरचे, पाव्हन्यांसाठी कपाटात ठिवलेले. (यातून मला कधीच चहा मिळाला नाही. कल्याण.) एकेक करून सगळे फोड. एक जरी माघारी आनलास तर मी तुला जेवायला वाढनार न्हाई.

हे घर तुजं हाय. आपल्या घरात मानसाच्या हातून फुटतंच.

मामी

ता. क. सत्तू, मी मामा. आज भरदुपारी गोदामासमोर वीस फुटी पाईप खांद्यावर घेतला. म्हटलं, आपण टाकून दाखवू, मग पोरीला सांगू. हात सुटेना. घाम आला. मामी दारातून म्हणाली, "तुमाला जमंना आन् पोरीला काय शिकवताय?" मग डोळे मिटून टाकला. सिलेंडर फुटला समजून अख्खी गल्ली बाहेर आली. पाईपला काही झालं नाही. माझ्या पायाच्या अंगठ्याला झालं.

सरांची ती एक ओळ ऑगस्टपासून माझ्याकडं थकली होती, ती देतो. टाक.

*

सावेडी, नगर
२५ जानेवारी २०२४

ती. मामा, प्रिय मामी,

अंगठा कसा आहे? हळद लावा.

कप आले. पहिल्या दिवशी मी ते काढले, पुसले आणि शेडच्या कट्ट्यावर ओळीनं मांडले. एवढंच जमलं. सर येऊन बघून गेले. एक कप उचलून त्यात स्वतःसाठी चहा मात्र ओतून घेतला.

दुसऱ्या दिवशीही मी नुसती बघत उभी. फरहीनला राहवलं नाही. ती म्हणाली, तुझ्याच्यानं होत नाही तर मी फोडते, आणि तिनं एक कप उचलला. मी तिचा हात धरला आणि ओरडले, "ठेव खाली! माझ्या घरचे आहेत ते!"

शेडमध्ये सगळे माझ्याकडं वळले.  फरहीननं कप माझ्या हातात दिला. सर मागून म्हणाले, "तुझ्या घरचे आहेत ना? मग फोड की."

मी फोडला, मामी. तो फरशीवर पडला, आवाज झाला, आणि काहीच झालं नाही. कोणी मला घराबाहेर काढलं नाही. मी दुसरा फोडला. मग मला हसू यायला लागलं, आणि रडूही, आणि मी थांबेचना. बारावा सापडेना. तो सरांच्या हातात होता, चहासकट. मी तो पण घेतला. सर म्हणाले, "अगं, साखर तरी ढवळू दे!" तोवर फुटला होता.

मग सरांनी बार लावला. नव्वद किलो. वर घेतला, उभी राहिले, सरांनी हात खाली केला आणि मी सोडून दिला. पत्रे वाजले, बाजी स्वयंपाकघरातून धावत आल्या, आणि गॅलरीतल्या काकांनी खुर्चीवरून उठून टाळ्या वाजवल्या.

सरांनी त्याच संध्याकाळी सांगलीला माझं नाव कळवलं. पाठीला आता दहा दिवस आराम, मग हलका सराव.

खापऱ्या मी झाडून टाकल्या. तेवढं तर करू द्या.

सत्तू

*

खर्डा
१९ मार्च २०२४

चि. भागू,

हे पत्र वैजनाथरावांकडून वाचून घे. फडावर रेंज नसते आणि मला फोन ऐकू येत नाही, तेव्हा आपलं भावा-बहिणीचं असंच चालायचं.

सांगलीचं तुला कळलंच आहे, पण मी होतो आणि तू नव्हतीस, म्हणून सांगतो. शेवटची पाळी होती. पहिला नंबर हवा तर शंभर किलो उचलायला हवे होते. शंभर, म्हणजे सिमेंटच्या दोन गोण्या. आधीच्या पाळीला तेच शंभर तिच्या खांद्यावरून वर गेले नव्हते. मी मुजफ्फर सरांचा हात धरून बसलो होतो. त्यांनी नंतर सांगितलं की त्यांची बोटं सुजली.

तुझी पोर आली, हाताला पांढरी पावडर लावली, बारपाशी उभी राहिली. खांद्यावर घेतलं. दम घेतला. डोक्यावर नेलं आणि थांबली. भागू, ती अशी उभी होती की आपला एकही मंडप आजवर तितका सरळ उभा राहिलेला नाही. पंचांची खूण झाली. आणि तिनं सोडलं! असा आवाज झाला की गेल्या कित्येक वर्षांत पहिल्यांदा मला उजव्या कानानं ऐकू आलं. मी सवयीनं उभा राहून बोंबललो, "अगं, हळू!" सगळा हॉल माझ्याकडं वळून बघायला लागला. सर म्हणाले, "सूर्यभानराव, आता कितीबी वरडा. पहिली आली ती." मग मी ओरडलोच नाही, खाली बसून रडलो.

या वेळच्या फ्लेक्सवर एकच फोटो आहे. बावीस जण रुसलेत.

आता ज्यासाठी हे पत्र लिहायला घेतलं ते. सत्तू चार दिवस सुट्टीवर आली आहे. काल संध्याकाळी तिनं आपल्या घरातली लोणच्याची बरणी फोडली. आपल्या आईची, चिनीमातीची, जी मी लग्नाच्या ऑर्डरलासुद्धा कधी बाहेर काढली नाही. फरहीनच्या गमती सांगत होती, हातवारे करत होती, कोपर लागलं आणि बरणी कट्ट्यावरून खाली. सगळ्या स्वयंपाकघरात तेल.

मी आणि तुझी वहिनी पुष्पा पोरीच्या तोंडाकडं बघत राहिलो. तिनं खाली बघितलं आणि म्हणाली, "मामा, चपला घाला, खापऱ्या हायत. आन् मामे, बरनी कट्ट्याच्या काठाला ठिवत्यात व्हय? आतमंदी सारून ठिवावी की!"

म्हणजे फोडली हिनं आणि बोलणी मामीला! पुष्पानं पदर डोळ्याला लावला, मग चपला घातल्या आणि अर्धी गल्ली फिरून सगळ्यांना सांगून आली. लोकांना कळेना, बाई बरणी फुटल्याचं सांगत हसतेय का.

तर पाडव्याला याल तेव्हा येताना एक चांगली मोठी बरणी घेऊन ये. कशाला म्हणून वैजनाथरावांनी विचारलं तर सांग, सूर्यभानच्या पोरीनं फोडली.

तुझा भाऊ
सूर्यभान